सिड सीझरचं १९५७ साली नेमकं काय झालं? अमेरिकी व्हरायटी शोच्या पहिल्या दशकातलं एक प्रकरण

२५ मे १९५७ रोजी एनबीसी वाहिनीवरचा 'सीझर्स अवर' हा विनोदी स्किटं, गाणी असं सगळं एकत्र असलेला व्हरायटी शो बंद झाला. त्याचा नायक, विनोदी नट सिड सीझर तेव्हा चौतीस वर्षांचा होता. दोनच महिन्यांपूर्वी त्याला मालिकेतल्या विनोदी कलाकाराचा एमी हा टीव्ही-पुरस्कार मिळाला होता. अमेरिकी टीव्हीवर तोवर जमलेला सगळ्यात तगडा लेखकांचा संच त्याच्याकडे होता. त्यानंतर तो छप्पन्न वर्षं जगला, पण टीव्हीवर त्याचं स्वतःचं असं काही पुन्हा टिकलं नाही. एक कार्यक्रम चार महिन्यांत आटोपला, एक हंगामभर चालला, बाकी पाहुणा म्हणून येणंजाणं.

याचं एक तयार उत्तर आहे: दारू. सीझरनेही आपल्या व्यसनाबद्दल पुढे मोकळेपणाने लिहिलं, त्यामुळे ते उत्तर पक्कंच होऊन बसलं. मला ते अपुरं वाटतं. या माणसाच्या कामाबद्दल मला फार आस्था आहे आणि त्याच्या पडझडीचा सगळा हिशोब एका बाटलीवर मांडणं हा त्याच्यावरचा अन्यायच आहे. म्हणून हे प्रकरण सुरुवातीपासून बघू या.

सीझरचा जन्म १९२२ चा, न्यूयॉर्कला लागून असलेल्या यॉंकर्सचा. आईवडील ज्यू, युरोपातून आलेले. त्यांची खाणावळ होती आणि तिथे जेवायला येणारे कामगार इटालियन, पोलिश, रशियन, जर्मन असे नाना मुलखांतले. प्रत्येक गटाचं टेबल वेगळं. उष्टी ताटं उचलणारा हा पोरगा टेबलाटेबलाशी थांबून त्यांच्या बोलण्याचा नुसता सूर उचलायचा. शब्द एकही खरा नाही; पण आवाज, हेल, हात हलवण्याची ढब इतकी बिनचूक, की ऐकणाऱ्यांना क्षणभर वाटायचं, हा आपल्याच गावचा आहे. पुढे त्याचं नाव ज्या कलेने झालं ती त्याला तिथे सापडली. त्याला इंग्रजी आणि यिद्दिश सोडून कुठलीच भाषा येत नव्हती. तरी तो फ्रेंच, इटालियन, जर्मन, जपानी 'बोलायचा' आणि लोक हसून बेजार व्हायचे.

सुरुवात मात्र सॅक्सोफोनवर झाली. कॅटस्किल डोंगरातल्या उन्हाळी हॉटेलांत तो वाद्यवृंदात वाजवायचा आणि जोडीला नकला करायचा. युद्धात तटरक्षक दलात भरती झाला. तिथे जवानांच्या एका संगीत-विनोदी कार्यक्रमाचं दिग्दर्शन मॅक्स लीबमन करत होता. त्याने या वादकाला मंचावर पुढे आणून उभं केलं. सीझरच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी गाठभेट ही.

लीबमनबद्दल थोडं थांबून सांगायला हवं, कारण पुढचा सगळा ताण त्याच्या कामाच्या पद्धतीतून आला. पेनसिल्व्हेनियातल्या टॅमिमेंट नावाच्या सुट्टीच्या ठिकाणी तो उन्हाळाभर दर आठवड्याला एक नवा कोरा प्रयोग उभा करत असे. गाणी नवी, नाच नवे, स्किट नवं. मागच्या आठवड्याचं काही चालायचं नाही, कारण पाहुणे मुक्कामालाच असत. विनोदी नट डॅनी के आणि विनोदी नटी इमोजीन कोका याच ठिकाणी त्याच्या हाताखाली कामं करत. टीव्ही आला तेव्हा लीबमनने हीच पद्धत उचलून कॅमेऱ्यासमोर आणली.

त्या काळातल्या इतर व्हरायटी शोंपेक्षा हे वेगळं होतं. १९४८ च्या जूनमध्ये मिल्टन बर्लचा आणि एड सलिव्हनचा असे दोन मोठे कार्यक्रम सुरू झाले. दोन्हींची चाल जुन्या व्हॉडव्हिल थिएटरांची: सूत्रधार येणार, जादूगार, गायक, कसरतपटू यांची ओळख करून देणार, ते आपला वर्षानुवर्षं घोटलेला दहा मिनिटांचा तुकडा सादर करणार आणि जाणार. तुकडा कलाकाराचा, टीव्हीने फक्त तो दाखवायचा. लीबमनकडे तयार तुकडे नव्हतेच. सगळं त्याच आठवड्यात लिहायचं, त्याच आठवड्यात बसवायचं आणि एकदा करून सोडून द्यायचं.

पहिला प्रयत्न 'ॲडमिरल ब्रॉडवे रिव्ह्यू', जानेवारी १९४९. ॲडमिरल ही टीव्ही संच बनवणारी कंपनी प्रायोजक होती. कार्यक्रम इतका गाजला की संचांची मागणी कारखान्याच्या आवाक्याबाहेर गेली. कंपनीपुढे प्रश्न पडला: पैसा कार्यक्रमावर घालायचा की कारखाना वाढवायला? तिने कारखाना निवडला आणि जूनमध्ये कार्यक्रम बंद पडला. त्या काळच्या टीव्हीत कलाकाराचं भवितव्य कुणाच्या हातात होतं, ते यावरून समजावं. प्रेक्षक वाढत असतानाही प्रायोजकाने हात काढला की सगळं संपलं.

२५ फेब्रुवारी १९५० ला एनबीसीवर 'युअर शो ऑफ शोज' सुरू झाला. शनिवारी रात्री नऊ ते साडेदहा, सलग दीड तास, थेट प्रक्षेपण. सीझरसोबत इमोजीन कोका आणि लवकरच कार्ल रायनर व हॉवर्ड मॉरिस. कोका सीझरपेक्षा चौदा वर्षांनी मोठी, लहानपणापासून मंचावर वाढलेली, बांध्याने चणीची. हा सहा फुटांच्या वरचा धिप्पाड गडी. दोघं मूकाभिनयात समोरासमोर उभे राहिले की शब्दांची गरज संपायची. 'हिकनलूपर' नावाच्या नवराबायकोची त्यांची स्किटं म्हणजे घराघरातली भांडणं. पण भांडणापेक्षा, भांडण गिळून बसलेल्या नवऱ्याचा चेहरा बघण्यासारखा असे.

आठवडा असा जायचा. सोमवारी लेखक एका खोलीत जमणार. बुधवारपर्यंत संहिता तयार. गुरुवारी उभ्याने तालीम, शुक्रवारी तंत्रज्ञ मंडळी येऊन बघणार, शनिवारी पूर्ण रंगीत तालीम आणि रात्री नऊला देशासमोर. पुढच्या सोमवारी पाटी कोरी. आणि हे हंगामात एकोणचाळीस आठवडे! सीझर संवादांचे फलक कॅमेऱ्याशेजारी धरू देत नसे. सगळं पाठ, किंवा ऐनवेळी सुचलेलं.

लेखकांच्या खोलीत मेल टॉल्किन, लुसिल कॅलन आणि तरणाबांड मेल ब्रुक्स; पुढे नील सायमन आणि त्याचा भाऊ डॅनी. ब्रुक्सला लीबमन ठेवायला तयार नव्हता, म्हणून सीझर सुरुवातीला पदरचे आठवड्याला पन्नास डॉलर त्याला देत असे. नंतरच्या 'सीझर्स अवर'मध्ये लॅरी गेलबार्ट आला. (वुडी ॲलनचं नाव या पहिल्या खोलीत हमखास घुसवलं जातं. त्याने सीझरसाठी लिहिलं ते १९५८ मधल्या विशेष कार्यक्रमांत.) लेखक एकमेकांवर ओरडायचे, विनोद हवेत फेकायचे, आणि सीझर त्यातला एखादा उचलून तिथेच करून दाखवायचा. तो नामंजुरीसुद्धा शब्दांत देत नसे. विनोद जणू आकाशात उडणारं विमान आहे असं समजून बंदुकीने टिपल्याचा अभिनय करायचा. शिकागोच्या एका हॉटेलात ब्रुक्सने 'बाहेर जाऊ या' म्हणून भुणभुण लावली, तेव्हा सीझरने त्याला उचलून खिडकीबाहेर धरलं आणि 'किती बाहेर जायचंय?' असं विचारलं, हा किस्सा दोघांनीही सांगितलाय. हसून सांगण्यासारखा असला, तरी त्या माणसाच्या आत किती दाब साठला होता हे त्यातून दिसतं.

आता कामाचा एक नमुना जवळून. ३ एप्रिल १९५४. तेव्हा एक लोकप्रिय कार्यक्रम असा होता, की एखाद्या बेसावध माणसाला समोर आणून त्याच्या आयुष्यातली जुनी माणसं एकेक करून भेटवायची आणि सगळ्यांनी रडायचं. त्याचं विडंबन. सूत्रधार रायनर प्रेक्षकांत उतरतो आणि मागे बसलेल्या सीझरला सांगतो, 'आज तुमची पाळी.' सीझर घाबरून पळ काढतो, खऱ्याखुऱ्या प्रेक्षकांमधून, रांगांच्या मधून. थिएटरचे कर्मचारी झालेले नट मागे धावतात, पकडतात, उचलून मंचावर आणतात. मग येतो काका गूपी, म्हणजे हॉवर्ड मॉरिस. छोटासा माणूस. तो भाच्याच्या गळ्यात पडून रडायला लागतो आणि सुटतच नाही. सोडवला की पुन्हा झेपावतो. शेवटी सीझरच्या पायाला वेढा घालून बसतो आणि सीझर तसाच पाय ओढत मंचभर फिरतो. यातलं किती लिहिलेलं आणि किती त्या क्षणी घडलेलं, हे बघताना ओळखू येत नाही. मी टीव्हीवरचं जेवढं विनोदी काम पाहिलंय, त्यात सलग इतकं हसवणारं दुसरं मला माहीत नाही.

मग बिघडलं काय?

पहिलं कारण सांगितलं जातं ते जोडी फुटल्याचं. ५ जून १९५४ ला 'युअर शो ऑफ शोज' संपला. एनबीसीचा हिशोब साधा होता: एका यशस्वी कार्यक्रमाचे तीन करायचे. लीबमनकडे रंगीत प्रक्षेपणाचे भव्य विशेष कार्यक्रम, कोकाला तिचा स्वतंत्र कार्यक्रम, सीझरला त्याचा. कोकाचा एका हंगामात संपला. तिच्यावर फार वाईट वेळ आणली या निर्णयाने, असं माझं स्पष्ट मत आहे. पण सीझरचं त्यामुळे अडलं नाही. 'सीझर्स अवर' तीन हंगाम चालला, कोकाच्या जागी आलेल्या नॅनेट फॅब्रेने पुरस्कार मिळवले, आणि काम तर काही बाबतींत अधिक धारदार झालं. नोकराकडून रुबाबात गणवेश चढवून घेणारा जर्मन सेनापती शेवटी हॉटेलच्या दारावरचा दरवान निघतो, ते स्किट याच कार्यक्रमातलं. पुढे १९५८ च्या जानेवारीत एबीसी वाहिनीने सीझर आणि कोका यांना पुन्हा एकत्र आणलं. तो कार्यक्रम मे महिन्यातच गुंडाळला. जोडी फुटणं हेच खरं कारण असतं, तर जोडी जुळल्यावर निदान दोन वर्षं तरी निघायला हवी होती.

दुसरं कारण दारू. इथे तारखा नीट पाहिल्या पाहिजेत. सीझर प्यायचा ते 'युअर शो ऑफ शोज'च्या दिवसांपासून. प्रयोग संपला की प्रचंड खाणं, प्रचंड पिणं, मग झोप यावी म्हणून डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या. सहकाऱ्यांच्या आठवणींनुसार प्रयोगाआधी तो पीत नसे. म्हणजे ज्या वर्षांत त्याने सर्वोत्तम काम केलं, त्याच वर्षांत तो पीतही होता. १९५७ साली कार्यक्रम बंद का पडला हे दारू सांगू शकत नाही. त्यानंतरची वीस वर्षं हातातून का निसटली, ते मात्र ती नक्की सांगते.

माझ्या मते मुळाशी तीन गोष्टी आहेत, आणि तिन्ही त्याच्या कलेच्या आणि त्या माध्यमाच्या घडणीत आहेत.

प्रेक्षक बदलला, ही सगळ्यात मोठी. १९५० मध्ये अमेरिकेतल्या शंभरातल्या जेमतेम नऊ घरांत टीव्ही होता, आणि ती घरं मुख्यतः मोठ्या शहरांतली, त्यातही पूर्वेकडची. नव्या केंद्रांना परवाने देणं १९४८ ते १९५२ थांबवलेलं होतं, त्यामुळे कित्येक गावांत चित्र पोहोचायलाच वाव नव्हता. सीझर इटालियन, फ्रेंच, जपानी चित्रपटांची विडंबनं करायचा, ऑपेराची खिल्ली उडवायचा. न्यूयॉर्कच्या छोट्या थिएटरांत ते चित्रपट लागत. निदान कशाची चेष्टा चाललीय हे पहिल्या प्रेक्षकांना कळत होतं. १९५५ पर्यंत टीव्ही शंभरातल्या साधारण पासष्ट घरांत गेला. नवे प्रेक्षक काही अडाणी नव्हते. त्यांचं जग वेगळं होतं, त्यांचे चित्रपट वेगळे, त्यांची शनिवारची रात्र वेगळी. १९५६ च्या हंगामात 'सीझर्स अवर' शनिवारी आला आणि समोर एबीसीवर लॉरेन्स वेल्कचा वाद्यवृंद. वॉल्ट्झ, पोल्का, हसऱ्या चेहऱ्याची जोडपी. वेल्क उत्तर डाकोटातल्या जर्मनभाषक शेतकरी वस्तीत वाढला होता आणि त्याच्या इंग्रजीला अस्सल जर्मन हेल होता. प्राध्यापकाच्या भूमिकेत जर्मन हेल काढून देशाला हसवणाऱ्या सीझरला त्याने प्रेक्षकसंख्येच्या आकड्यांत मागे टाकलं. लोकांना त्या रात्री डोकं टेकून ऐकण्यासारखं काहीतरी हवं होतं, आणि वेल्क ते मनापासून देत होता.

दुसरी गोष्ट सीझरच्या स्वभावातली. पात्रात शिरला की त्याच्यासारखा कुणी नाही. पण 'सिड सीझर' म्हणून उभं राहून दोन वाक्यं बोलायची म्हटलं की घसा खाकरायचा, अडखळायचा, नजर टाळायचा. 'युअर शो ऑफ शोज'मध्ये दर आठवड्याला वेगळा पाहुणा सूत्रधार असे, म्हणून हे झाकलं गेलं. पुढे टीव्हीवर टिकले ते आधी स्वतः प्रेक्षकांच्या ओळखीचे झालेले लोक: पेरी कोमोसारखे निवांत गाणारे, गप्पा मारणारे, घरच्यासारखे. प्रेक्षकांना सीझरचा प्राध्यापक ठाऊक होता, सेनापती ठाऊक होता. सीझर ठाऊक नव्हता. याला पुरावा म्हणून १९६२ ची ब्रॉडवेवरची 'लिटल मी' ही संगीतिका घेता येईल. नील सायमनने त्याचं हे सामर्थ्य ओळखून त्याला एकाच नाटकात सात भूमिका दिल्या. तिथे तो चमकला.

तिसरी गोष्ट म्हणजे शिल्लक. १९५१ च्या ऑक्टोबरात सीबीएस वाहिनीवर ल्युसिल बॉलची 'आय लव्ह लूसी' ही विनोदी मालिका सुरू झाली. ती प्रेक्षकांसमोरच व्हायची, पण तीन कॅमेऱ्यांनी ३५ मिलिमीटर फिल्मवर. तो माल टिकाऊ होता. मालिका संपल्यावरही वर्षानुवर्षं दिवसा दाखवला गेला आणि पुढच्या पिढीची मुलं ल्युसिल बॉलला बघत वाढली. सीझरचं काम थेट प्रक्षेपणात विरून गेलं. उरलं ते किनेस्कोपवर, म्हणजे टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून घेतलेल्या धूसर चित्रणात, जे लांबच्या केंद्रांना पाठवण्यापुरतं होतं. पुन्हा विकावं, पुन्हा दाखवावं असं ते नव्हतं. एकोणचाळीस आठवडे दर वर्षी, दीड-दीड तास, आणि गोदाम रिकामं. म्हणून १९५७ मध्ये त्याच्यामागे मिळकत देणारं जुनं काम नव्हतं, जुन्या कामामुळे ताजं राहणारं नावही नव्हतं.

थेट प्रक्षेपणाने त्याला काय दिलं हेही सांगायला हवं, नाहीतर हे एकतर्फी होईल. १९५५ च्या ऑक्टोबरात इटालियन ऑपेराचं विडंबन चालू होतं. सीझर विदूषक, आरशासमोर बसून गालावर अश्रू रंगवतोय आणि खोट्या इटालियनमध्ये गातोय. हातातल्या पेन्सिलीचं टोक मोडलं आणि गालावर अश्रूऐवजी आडवीतिडवी रेघ उमटली. त्याने गाणं थांबवलं नाही. आणखी तीन रेघा ओढल्या आणि गालावर फुली-गोळ्याचा डाव मांडून खेळून दाखवला, विरहगीत गात गात! फिल्मवर असतं तर हे दृश्य थांबवून नवी पेन्सिल आणली असती. आज सीझरचं नाव निघालं की जाणकार सगळ्यात आधी हाच प्रसंग सांगतात.

१९५८ नंतरचं थोडक्यात. १९६३-६४ मध्ये एबीसीवर एडी ॲडम्सच्या कार्यक्रमाशी आलटून पालटून त्याचा अर्ध्या तासाचा कार्यक्रम होता. चित्रपटांत लहानमोठ्या भूमिका मिळाल्या. पिणं आणि गोळ्या वाढत गेल्या. १९७७ मध्ये कॅनडातल्या रेजायना इथे नील सायमनच्याच नाटकाच्या प्रयोगात तो संवाद विसरला. फलक न वापरता दीड-दीड तास पेलणारा माणूस मंचावर कोरा पडला. त्यानंतर त्याने उपचार घेतले आणि दारू सोडली ती कायमची.

सावरण्याची त्याची रीत इथे महत्त्वाची वाटते. पॅरिसमध्ये एका चित्रपटाच्या चित्रीकरणाला गेलेला असताना तो रोज टेपरेकॉर्डर लावून स्वतःशी बोलू लागला. दोन आवाज: एक बिथरलेला मुलगा, दुसरा त्याला समजावणारा बाप. आयुष्यभर इतरांचे सूर उचलणाऱ्या माणसाने सत्तावन्न-अठ्ठावन्नाव्या वर्षी स्वतःशी बोलायची तालीम सुरू केली, आणि तीही दोन पात्रं करूनच. १९८२ मध्ये आत्मचरित्र आलं. १९८३ मध्ये 'सॅटरडे नाइट लाइव्ह'चा तो पाहुणा सूत्रधार होता. शनिवार रात्र, एनबीसी, न्यूयॉर्क, थेट प्रक्षेपण. आणि या वेळी प्रेक्षकांशी बोलायचं होतं ते सिड सीझर म्हणूनच. १२ फेब्रुवारी २०१४ ला तो गेला, एक्क्याण्णवाव्या वर्षी.

कामाचं काय उरलं? लीबमनने आपल्यापुरती किनेस्कोपं जपून ठेवली होती. त्यातली दहा स्किटं निवडून १९७३ मध्ये त्याने चित्रपट म्हणून थिएटरांत लावली. पडदा मोठा, चित्र धुरकट, आणि तरी माणसं हसली. पुढे न्यूयॉर्कमधल्या त्याच्या जुन्या कार्यालयातलं एक बंद कपाट उघडलं तेव्हा 'युअर शो ऑफ शोज'च्या संहितांचे गठ्ठे निघाले. ज्यांना हा काळ अभ्यासायचा आहे, त्यांनी स्किटांबरोबर या संहितांकडेही वळावं. कोणता विनोद बुधवारी कागदावर होता आणि कोणता शनिवारी रात्री सीझरच्या अंगातून आला, हे वेगळं करायचं तर दोन्ही शेजारी ठेवून पाहण्यावाचून दुसरा मार्ग नाही.